मधलं घर

१

दीनानाथ खांबेटे संध्याकाळी लवकर दिवा लावत नसत. हातातल्या पुस्तकाची अक्षरे दिसेनाशी होईपर्यंत वीज जाळू नये असा त्यांचा नियम होता, आणि नियम मोडणाऱ्यांविषयीची त्यांची मते सदाशिव पेठेत बऱ्याच जणांना तोंडपाठ होती. दुसऱ्या मजल्यावरच्या आपल्या घरात ते वेताच्या खुर्चीत बसून राहत. समोरच्या इमारतीतला क्लास सुटे, पोरे स्कूटरींवरून एकमेकांशी इंग्रजीत बोलत, आणि दीनानाथ त्या इंग्रजीचा मनातल्या मनात निकाल लावत. त्यांची संध्याकाळ बरी जाई.

त्याच सुमारास त्यांच्या पत्नी हेमाताई मंडईतून येत. कुलपात किल्ली फिरे, भाजीची पिशवी टेकल्याचा आवाज होई, आणि दारातूनच अंधाराकडे बघत त्या विचारत, "अहो, आहात का?"

दीनानाथ उत्तर देत नसत. लग्न झाल्यापासून एकदाही दिले नव्हते. दाराबाहेर चपला, खुंटीला छत्री, खुर्चीत माणूस. एवढा पुरावा असताना तोंडी जबाब कशाला? हेमाताई जराशा थांबत, मग दिवा लावून खुर्चीकडे एक नजर टाकत आणि चहाचे आधण ठेवायला जात. हो म्हणायला काही कर पडतो का, असे त्यांनी एकदा विचारले होते. आपण आहोत हे ज्याला बोलून दाखवावे लागते त्याच्या असण्यातच काहीतरी खोट असते, असे दीनानाथांनी त्यावर सांगितले होते. हेमाताईंनी तो विषय तिथेच सोडला. विचारणे मात्र सोडले नाही.

खोट ओळखण्यात दीनानाथांचा जन्म गेला होता. दस्तनोंदणीच्या कचेरीत ते कारकून होते. लोकांच्या जमिनींच्या आणि घरांच्या चतुःसीमा उतरवून घ्यायच्या: पूर्वेस अमक्याची भिंत, दक्षिणेस तमक्याचा गोठा. उरलेल्या वेळात ते वाचत. वाचन खूप झाल्यामुळे त्यांना माणसांविषयी आदर राहिला नव्हता, आणि खेड्यांविषयी तो आधीपासूनच नव्हता.

म्हणूनच पुष्करने हे काम त्यांना दिले. पुष्कर एक दिवाळी अंक काढत असे. शहराच्या कडेला असलेल्या, पण कोणत्याच गावात न मोडणाऱ्या एखाद्या वस्तीचा भूगोल आणि इतिहास त्याला हवा होता. लोकांना हल्ली मुळांविषयी वाचायला आवडते, असे तो म्हणाला. मुळे मंडईत मिळतात, असे दीनानाथ म्हणाले. पण काम घेतले.

२

चिंचेच्या वस्तीत चिंच नव्हती. दीनानाथांनी लेखाचे पहिले वाक्य वस्तीवर पाऊल टाकल्यावर लगेचच ठरवून टाकले.

कात्रजचा घाट ओलांडल्यावर एका फाट्यावर हिंमतराव नावाचे गृहस्थ मोटारसायकल घेऊन थांबले होते. पुष्करच्या ओळखीतले. खडीच्या रस्त्यावरून, मग रस्ता नसलेल्या जागेवरून त्यांनी दीनानाथांना एका खोलगट माळावर आणून सोडले. अलीकडचे गाव महापालिकेत गेले होते, पलीकडचे ग्रामपंचायतीत राहिले होते, आणि ही वस्ती आपली नाही यावर दोन्ही गावांचे एकमत होते. आयुष्यात इतके स्वच्छ एकमत दीनानाथांनी दुसरे पाहिले नव्हते.

भूगोल लवकर आटोपला. उत्तरेस ओढा, दक्षिणेस खडक, पूर्वेस टेकाड, पश्चिमेस बाभळीचे रान, आणि मध्ये पाच घरे. इतिहास त्याहून लवकर. वस्ती कधी बसली, असे विचारल्यावर हिंमतरावांनी सांगितले की आजोबा इथेच होते. त्याआधी? त्यांचे आजोबा. ते कुठून आले? कुठून येणार, इथेच होते की. दीनानाथांनी मनात नोंद केली, की भूगोल काही टाळता येत नाही म्हणून प्रत्येक जागेला असतो. इतिहासाला मात्र माणसांनी थोडे कष्ट घ्यावे लागतात.

पाच घरांतले मधले बंद होते. दाराला कडी होती, कुलूप नव्हते. पण अंगण सारवलेले होते, उंबऱ्याशी पाण्याने भरलेली कळशी होती, आणि वर पालथा पेला.

"हे कुणाचं?" दीनानाथांनी विचारले.

"कचरूचं व्हतं. त्यो गेला बिबवेवाडीला. बायको तिकडचीच केली."

"मग अंगण कोण सारवतं?"

"सारवतो की आमी. ज्याला जमंल त्यो."

वस्तीला रस्ता नाही, मोरीला उतार नाही, आणि सारवायला रिकामे घर. दीनानाथांना बरे वाटले. लेखाचे दुसरे वाक्यही मिळाले होते.

३

सूर्य टेकाडाच्या उलट अंगाला कलला तशी एक म्हातारी खडकावर चढून उभी राहिली. या मालनबाई, हिंमतरावांच्या चुलत्या. त्यांनी पदर नीट केला आणि बसचा वाहक थांबे पुकारतो त्या कोरड्या आवाजात सुरुवात केली.

"बाभळीखालचं घर?"

"हाय," बाभळीखालून उत्तर आले.

"खडकावरचं घर?"

"हाय," असे हिंमतराव दीनानाथांच्या शेजारूनच म्हणाले.

"वढ्याकडचं घर?"

"हाय."

दीनानाथ खूश झाले. सरकारच्या हजेरीत नसलेली वस्ती रोज संध्याकाळी स्वतःची हजेरी घेते. माणसे नाही, घरे. लेखाचा शेवट आयता हातात येऊन पडला होता.

"मधलं घर?"

उत्तर आले नाही. यायला तिथे कोणी नव्हते. पण मालनबाई पुढचे घर घेईनात. त्या थांबल्या, आणि त्यांच्याबरोबर सगळेच थांबले. दारात पिठाचे हात घेऊन उभी असलेली बाई तशीच राहिली. हिंमतरावांनी अर्धवट उचललेला हात खाली आणला नाही. दाव्याला बांधलेल्या शेळीने रवंथ थांबवले, आणि ते मात्र दीनानाथांना आवडले नाही. माणसांनी मूर्खपणा करावा, त्यासाठी त्यांच्याकडे परंपरा असते. शेळीला काय कारण? ओढ्याचे पाणीही ऐकू येईनासे झाले होते. ते मुळात बारीकच होते, अशी त्यांनी स्वतःची समजूत घातली.

शांतता लांबत गेली. दीनानाथांना बस गाठायची होती. कचेरीत हजेरी घेताना असे व्हायचे. गैरहजर माणसाच्या नावावर साहेब अडून बसला की मागच्या बाकावरून कोणीतरी हजर म्हणायचे आणि कामकाज पुढे सरकायचे. त्यात कोणाचे काही बिघडत नसे.

"आहे," दीनानाथ स्पष्ट, शुद्ध आवाजात म्हणाले. "चला, पुढचं घ्या."

शेळी पुन्हा रवंथ करू लागली. मालनबाईंनी त्यांच्याकडे पाहिले. त्या पाहण्यात राग नव्हता. नको असलेली फाइल एकदाची दुसऱ्याच्या टेबलावर गेली की कारकुनाच्या चेहऱ्यावर जे समाधान येते, ते होते. मग त्यांनी टेकाडावरचे घर पुकारले, तिकडून हाय आले, आणि सगळे आपापल्या कामाला लागले.

हिंमतरावांनी त्यांना मोटारसायकलवरून फाट्यावर आणले. बसचे दिवे दिसायला लागले तेव्हा म्हणाले, "सायेब, मानसानं एकाच घरचं हाय म्हनावं."

दीनानाथांनी हसून, म्हणजे काय, असे विचारले.

"म्हंजी काय न्हाई. तुमच्या घरी कुनी इचारतं का, हायसा का म्हनून?"

"आमची मंडळी विचारतात. रोज."

"मग तितं सांगत जावा. इसरू नका."

आपण ते आजवर कधीच सांगितलेले नाही, असे दीनानाथांनी थोड्या अभिमानानेच कळवले. हिंमतराव त्यांच्याकडे बघत राहिले. मग मोटारसायकल वळवून, येतो असेही न म्हणता निघून गेले. खेडवळांना निरोप घेता येत नाही, हे दीनानाथांचे जुनेच मत होते.

४

दुसऱ्या दिवशी दाराबाहेरच्या चपला गेल्या. क्लासच्या पोरांनी नेल्या असे दीनानाथांनी जाहीर केले आणि जिन्यात एक पाटी लावली, ज्ञान घ्यायला यावे, चपला न्यायला नव्हे. पाटी लोकांना आवडली. चपला परत आल्या नाहीत.

मग खुंटीवरची छत्री दिसेना. ती बसमध्ये राहिली असणार. आपण छत्री कधीच विसरत नाही, ही गोष्ट त्यांनी विचारात घेतली आणि बाजूला ठेवली. वय झाले होते.

उत्तरेच्या भिंतीचे मात्र असे बाजूला ठेवता येईना. त्या भिंतीपलीकडे परचुऱ्यांचे घर. परचुरे मुलाकडे अमेरिकेला गेले होते आणि घर बंद होते. संध्याकाळी क्लास सुटून गल्ली जरा रिकामी झाली की त्या भिंतीतून पाणी वाहिल्याचा आवाज येई. नळ उघडा राहिल्यासारखा नव्हे. दगडावरून, गवतातून, रमतगमत जाणाऱ्या पाण्याचा. दीनानाथांनी सोसायटीच्या चिटणिसाला गाठले. चिटणिसाने परचुऱ्यांची पाण्याची मुख्य चावी दाखवली. ती बंद होती आणि तिच्यावर कोळ्याने जाळे केले होते.

"तुम्ही परचुऱ्यांचे कोण?" चिटणिसाने विचारले.

"मी खांबेटे. शेजारचा."

"हां हां," चिटणीस म्हणाला. त्याला आठवले नव्हते हे स्पष्ट दिसत होते. सोसायटीच्या प्रत्येक सभेत दीनानाथांनी या माणसाच्या मराठीची जाहीर चिरफाड केलेली होती. तो त्यांना विसरणे शक्य नव्हते. तो सूड उगवत असणार. दीनानाथांनी हे कारण ठेवून घेतले, कारण दुसरे नव्हते.

पुष्करचा फोन आला तेव्हा त्याने लेखाची चौकशी केली आणि अंक पाठवायला पत्ता मागितला. इतकी वर्षे अंक येतोय तोच, असे दीनानाथ म्हणाले. पुष्कर ओशाळला. म्हणाला, कसा कोण जाणे, माझ्याकडे तुमचा पत्ताच नाही.

५

हेमाताई अजून विचारत होत्या, पण त्यांचा आवाज बदलला होता. पूर्वी तो सवयीचा होता. आता त्या खरोखर विचारत होत्या. दिवा लागला की खुर्चीकडे बघून दचकत.

"तुम्ही होय," एकदा त्या म्हणाल्या. "मला वाटलं, बाहेर गेलात. दारात चपला नाहीत, खुंटीला छत्री नाही."

"नवीन चपला आत ठेवतो. पोरं नेतात."

"मग हो म्हणायचं. जीभ झिजते का?"

दीनानाथांनी तेव्हा सांगायचे ठरवले होते. तोंड उघडले, आणि इतक्या वर्षांनी माघार घेणे त्यांना जमले नाही. एका मोटारसायकलवाल्याच्या सांगण्यावरून आपण बायकोला हजेरी द्यायची, या कल्पनेचेच त्यांना हसू आले. हसू नीटसे आले नाही, तरी आले.

चहा घेताना हेमाताई म्हणाल्या, "काल कुणाशी बोलत होतात? मी जिना चढत होते. तुम्ही मोठ्यानं आहे म्हणालात. मला बरं वाटलं. म्हटलं, सुधारले. पण आत आले तर तुम्ही भिंतीकडे तोंड करून बसलेले."

दीनानाथांनी बशी खाली ठेवली. काल संध्याकाळी ते वाचत होते. पानाचा शेवट आठवत होता, दुसऱ्या पानाची सुरुवात आठवत होती. मधले काही आठवत नव्हते.

"कोणत्या भिंतीकडे?" त्यांनी विचारले. उत्तर त्यांना माहीत होते.

६

रद्द न होणारा दस्त दीनानाथांनी पाहिला नव्हता. दुसऱ्या दिवशी दुपारीच ते पुन्हा वस्तीवर गेले. या वेळी फाट्यापासून चालत. वाट त्यांना विचारावी लागली नाही, आणि ते त्यांच्या लक्षात आले तेव्हा ते जवळजवळ पोहोचले होते.

मालनबाई खडकाच्या सावलीत तांदूळ निवडत होत्या. आपण त्या दिवशी केवळ गमतीने बोललो, आपला या वस्तीशी काडीचा संबंध नाही, तेव्हा आपले म्हणणे मागे घेतले आहे असे समजावे, असे दीनानाथांनी त्यांना सांगितले. बोलताना आपला आवाज कचेरीत अर्ज घेऊन येणाऱ्या माणसांसारखा होतोय, हे त्यांना कळत होते. अशा माणसांना त्यांनी कायम दुपारनंतर या म्हणून सांगितले होते.

"म्या काय करू?" मालनबाई सुपावरून नजर न उचलता म्हणाल्या. "म्या निस्ती इचारती. तुमी रोज हाय म्हनता."

"मी म्हणत नाही."

"ऐकू येतंय की समद्यास्नी. लई साफ बोलता." त्यांनी एक खडा काढून टाकला. "घरी इचारत्यात ना? तितं सांगा. जावा, दिवस हाय तंवर पोचाल. तिनं इचारायचं सोडलं मग म्या बी काय करनार न्हाई."

त्यांच्या बोलण्यात दया नव्हती. वेंधळ्या माणसाशी बोलताना येतो तो कंटाळा होता. दीनानाथांना तो ओळखीचा वाटला.

परतताना ते मधल्या घरावरून गेले. जायचे नव्हते, पण वाट तिथूनच होती. दाराची कडी काढलेली होती. उंबऱ्याबाहेर चपला होत्या, डाव्या अंगठ्याशी झिजलेल्या. आतल्या खुंटीवर छत्री होती, आणि तिची मूठ त्यांनी स्वतः दोऱ्याने बांधलेली होती. त्यामागे अंधार होता. त्या घरातही कोणी लवकर दिवा लावत नसावे. अंधारात खोलवर काहीतरी बसके, फिकट दिसत होते. वेताची खुर्ची असू शकेल. खुर्ची रिकामी नसूही शकेल.

खात्री करायचा एकच मार्ग होता. दारातून विचारायचे, आहात का. दीनानाथांच्या घशापर्यंत तो प्रश्न आला. उत्तर मिळेल की नाही, याची त्यांना भीती वाटली नाही. ते कोणत्या आवाजात मिळेल याची वाटली. ते धावत सुटले. आपण धावताना कसे दिसतो याचा विचार न करण्याची त्यांची ही पहिलीच वेळ होती.

७

कात्रजला गाड्या तुंबल्या होत्या. स्वारगेटहून ते रिक्षाने आले आणि मीटरवरून वाद न घालता उतरले. घरी पोहोचले तेव्हा हेमाताई अजून आल्या नव्हत्या. गल्लीत उजेड शिल्लक होता. दिवा लावून ठेवावा, असे दीनानाथांच्या मनात आले. त्यांनी बटण दाबले. दिवा लागला नाही. वीज गेली असेल, पण समोरचा क्लास झगझगीत होता.

ते खुर्चीत बसले आणि ते एक उत्तर तोंडात घोळवू लागले. किती सोपे होते. शेंबडे पोरही शाळेत देते.

किल्ली फिरली. पिशवी टेकली. दीनानाथांनी श्वास घेतला.

हेमाताईंनी काही विचारले नाही.

त्यांनी चपला काढल्या आणि अंधारातून सरळ स्वयंपाकघरात गेल्या. तिथला दिवा लागला. गॅसवर आधण चढले. एका कपाचे पाणी लवकर बोलू लागते, तसे ते बोलू लागले. मग त्यांचा फोन वाजला. नाशिकची मुलगी, अपूर्वा. हेमाताई भेंडीच्या भावाविषयी बोलल्या, गुडघ्याविषयी बोलल्या, आणि मग म्हणाल्या, "नाही गं, एकटीच आहे. मला कसली भीती? सवय झाली आता."

दीनानाथांनी हाक मारायचा प्रयत्न केला. हेमा, असे त्यांनी आयुष्यात कधी मोठ्याने म्हटले नव्हते. ते आताही जमले नाही. आपण आहोत हे बोलून दाखवायचे नाही, हा नियम त्यांचाच होता.

उत्तरेच्या भिंतीतले पाणी वाहत होते. मग तो कोरडा आवाज आला, अंतरावरून, पण अगदी नीट.

"बाभळीखालचं घर?"

हाय.

"खडकावरचं घर?"

हाय. हे हिंमतराव.

"वढ्याकडचं घर?"

दीनानाथांनी दोन्ही हातांनी तोंड दाबून धरले. ओढ्याकडून उत्तर आले.

"मधलं घर?"

गल्लीतल्या स्कूटरी थांबल्या. आधणाचा आवाज थांबला. फोनमधल्या अपूर्वाचे बारीक बोलणे थांबले. भिंतीतले पाणी थांबले. त्यांनी तोंड दाबून ठेवले, आणि शांतता लांबत गेली, त्या दिवशीपेक्षा लांब. डोळ्यांतून पाणी आले. आपण गप्प राहू शकतो, हे त्यांना दिसले. या एका गोष्टीचा त्यांना जन्मभराचा सराव होता.

तेवढ्यात हेमाताई स्वयंपाकघराच्या दारात आल्या. हातात चहाचा एकच कप होता. त्यांनी अंधाऱ्या खोलीकडे पाहिले, खुर्चीकडे पाहिले, विसरलेले काहीतरी आठवायला माणूस पाहतो तसे. आणि इतक्या वर्षांच्या सवयीने ओठ हलले.

"अहो," त्या म्हणाल्या. "आहात का?"

दीनानाथांनी तोंडावरचे हात काढले. छातीत होते नव्हते तेवढे सगळे बळ लावून, स्पष्ट, शुद्ध आवाजात ते म्हणाले, "आहे."

हेमाताईंची मान वळली. खुर्चीकडे नाही. त्या हळूहळू उत्तरेच्या भिंतीपाशी गेल्या, कप खाली ठेवला आणि भिंतीला कान लावून उभ्या राहिल्या, लांबून, माळापलीकडून कोणी ओळखीचे बोललेले ऐकू आल्यासारख्या.

आणि भिंतीपलीकडे मालनबाईंनी पुढचे पुकारले, "टेकाडावरचं घर?"